मी चीनहून आले आहे

अजयने त्या माणसाला गेल्या आठ दिवसांत चार वेळा मरताना पाहिलं होतं. एकदा घोड्यावरून पडून, दोनदा तलवारीने, आणि एकदा नुसतंच खोकून खोकून, अंथरुणात, सुनेने आणलेला काढा ओठाला लागायच्या आत. हॉस्पिटलात एक्स-रेच्या खोलीत दोन पेशंटच्या मधल्या वेळात तो हे मोबाईलवर बघायचा आणि कुणी आलं की मोबाईल पालथा घालायचा. घरी कुणाला त्याने हे सांगितलं नव्हतं. नाव टाकलं की शंभरेक मालिका यायच्या. त्यांत हा कुठे प्रधान, कुठे वैद्य, कुठे शेजारी. तिसऱ्या-चौथ्या भागात मरायचा. पण मरायचा असा, की पुढची पाच मिनिटं अजयला पुढच्या पेशंटचं नाव पुकारवत नसे.

आज शुक्रवारी दुपारी हाच माणूस कुवेतमध्ये, अबू हलीफातल्या त्यांच्या आठव्या मजल्यावरच्या घरी जेवायला येणार होता. गुआन देशान. लेकीने पसंत केलेल्या मुलाचे वडील.

"अहो, तो शर्ट बदला," शामला स्वयंपाकघरातून म्हणाली. "कॉलर बघा कशी झालीय."

"कॉलर बघायला येतोय का तो?"

"नाही, तुमचं तोंड बघायला येतायत. ते बदलता येत नाही, म्हणून शर्ट म्हटलं."

दिवाणावर पाय वर घेऊन बसलेल्या अजयच्या आई, मंदाआजी, खुदकन हसल्या. दोन महिन्यांच्या व्हिसावर त्या कुडाळहून धाकट्या-थोरल्या लेकांकडे आल्या होत्या, आणि आल्यापासून या लग्नाबद्दल एक अक्षर बोलल्या नव्हत्या. धाकट्या हरीशने विचारलं तर म्हणाल्या होत्या, "नाकाडोळो बघल्याशिवाय मी काय सांगूचंय नाय."

हरीश आता रुमैथियाहून येऊन सोफ्यावर ऐसपैस बसला होता. गणपतीत देवयानीने लेईचं नाव काढलं, तेव्हा सगळ्यात मोठा आवाज हरीशचाच होता. चिनी? आपल्या घरात? मग मधल्या चार महिन्यांत लेई दोनदा त्याच्याकडे जाऊन जेवून आला, त्याच्या गाडीची बॅटरी बदलून दिली, आणि हरीशकाका पार पलीकडच्या गोटात गेला. कुवेतचा पहिला व्हिसा ज्याने काढून दिला, त्या दादाच्या विरोधात तो आयुष्यात पहिल्यांदाच उभा होता, आणि त्याचं त्यालाच अवघडल्यासारखं होत होतं. म्हणून तो विनोद करत होता.

"दादा, व्हिलनसारखा बसू नको. येणारा माणूस त्यातला जाणकार आहे."

"तुला बॅटरी मिळाली ना? गप बस."

देवयानी पाण्याचे ग्लास मांडत होती. सत्तावीस वर्षांची, फिजिओथेरपिस्ट. रस्त्याच्या कामावरच्या कंपनीतला इंजिनियर लेई खांदा निखळला म्हणून तिच्याकडे आला होता. खांदा दीड महिन्यात बरा झाला. तो मात्र यायचा थांबला नाही. तिने वडिलांना एकदाच, अगदी शांतपणे सांगून टाकलं होतं, "तुम्ही नाही म्हणालात तर मी हे लग्न करणार नाही, बाबा. पळून वगैरे जाणार नाही. पण मग दुसऱ्या कुणाला बघायलाही बसणार नाही. दॅट्स ऑल." धमकी असती तर अजय भांडला असता. ही धमकी नव्हती. गुआन रविवारी परत जाणार होते, शूटिंग होतं. म्हणजे जे काय ते आजच.

अजयने नाही म्हणायचं कारण सगळ्यांना एकच सांगितलं होतं: नटाचं घर आहे. चिनी असल्याबद्दल तो काही बोलला नव्हता. हरीशला याचं नवल वाटलं होतं. शामलाला वाटलं नव्हतं. पण तिने अठ्ठावीस वर्षांत जे विचारलं नव्हतं ते आताही विचारलं नाही.

इंटरकॉम वाजला. बिल्डिंगचा रखवालदार अशरफ खालून ओरडला, "मिस्टर अजय! चायना आला!"

गुआन पडद्यावर होते त्याहून लहानखुरे निघाले. सदुसष्ट वर्षांचे, बारीक, साधा करडा कोट घातलेले. असा माणूस बँकेच्या रांगेत आपल्या पुढे उभा असला तर घरी येईपर्यंत आपण विसरून जाऊ. हातात त्यांच्या गावच्या जुन्या व्हिनेगरची बाटली होती, लाल कागदात गुंडाळलेली. मागे उंच लेई, घामाघूम.

"नमस्ते काकी, नमस्ते साब!" लेई हिंदीत म्हणाला. त्याचं हिंदी साइटवरच्या तौफीक फोरमनने शिकवलेलं होतं, त्यामुळे तो प्रेमाने बोलला तरी कुणाला तरी कामाला लावल्यासारखं वाटे. "पापा थोडा टेन्शन में है. चलो चलो, पापा, जल्दी!"

गुआननी बाटली मुलाकडे दिली. कोटाची बटणं लावली. खोलीच्या मधोमध, पंख्याखाली येऊन उभे राहिले, दोन्ही हात जोडले, अजयकडे पाहिलं, आणि स्वच्छ, ठसठशीत मराठीत बोलायला लागले.

"नमस्कार. मी गुआन देशान. मी चीनहून आले आहे. अं… म्हणजे, मी तुमच्या मुलीला माझ्या मुलासाठी मागायला आले आहे. तुमच्या घरी येऊन मी फार खूश झाले."

एक क्षण कुणालाच काही कळलं नाही. मग हरीशच्या नाकातून एक आवाज निघाला, आणि त्याने उशी तोंडावर धरली. शामला पदर ओठांवर दाबून स्वयंपाकघराकडे वळली. देवयानीचा हात कपाळाला गेला.

"ओह नो. ओह नो, नो. मी रेकॉर्ड केलं होतं ना! लंच ब्रेकमध्ये. माझ्याच आवाजात…"

महिनाभर त्या माणसाने तिचा आवाज कानाला लावून ते वाक्य घोटलं होतं. इतकं, की "म्हणजे"च्या आधी ती अडखळते तो श्वाससुद्धा त्याने उचलला होता. अजयच्या समोर एक म्हातारा परका माणूस उभा होता आणि त्याच्या तोंडातून अजयची लेक बोलत होती.

पण अजयला लेक ऐकू आली नाही. तो उठला, बाल्कनीचं दार सरकवलं आणि बाहेर जाऊन उभा राहिला.

समोर समुद्र होता, किनाऱ्यालगतच्या रस्त्यावर पोरं सायकली चालवत होती, पण त्याला दिसत होता सातवीचा वर्ग. दारात उभे असलेले आबा. त्याचे वडील. मानेवर रुळणारे केस, डोळ्यांत आदल्या रात्रीचं न पुसलेलं काजळ. आबांना सही करता येत नव्हती. घरी-दारी ते मालवणी बोलत. शुद्ध मराठी त्यांना येत होती ती फक्त राण्यांची. दशावतारात बायकांची कामं करताना तोंडात बसलेली. गुरुजींशी नीट बोलायला हवं, म्हणून त्यांनी होती ती एकुलती एक चांगली भाषा काढली आणि हात जोडून म्हणाले, "गुरुजी, मी अजयचा डबा घेऊन आले आहे."

वर्ग फुटला होता. गुरुजीही हसले होते. पुढची तीन वर्षं मुलं आईवरून चिडवायची, "अज्या, तुजी आवस इली काय रे?" त्या दिवसानंतर अजय आबांच्या नाटकाला गेला नाही. कधीच नाही. कॉलेज, मुंबई, मग कुवेत. आबा गेले तेव्हा तो इथेच नाइट ड्यूटीवर होता. हरीश तेव्हा इतका लहान, की त्याला आबा आठवायचे ते फक्त भाताच्या शेतातले. आणि अजयने बायको-मुलीलाही तेवढंच सांगितलं: वडील शेतकरी होते.

दार सरकलं. तो वळला. गुआन होते, आणि त्यांच्या मागे पडलेला चेहरा घेऊन लेई.

"अंकल, पापा विचारतायत," लेई इंग्रजीत म्हणाला, "चूक कुठे झाली? ते म्हणतात, लोक हसले त्याचं काही नाही. पण चूक कळल्याशिवाय त्यांना जेवण जाणार नाही."

गुआन त्याच्याकडे बघत होते ते पाहुण्यासारखे नव्हे. तालीम चुकलेल्या नटासारखे बघत होते. अजयला ती नजर चांगलीच ओळखीची होती.

"आमच्या भाषेत," अजय म्हणाला, "बाई वेगळं बोलते, पुरुष वेगळा. तुम्ही बाईचं बोललात."

लेईने सांगितलं. गुआननी ऐकलं, भुवया वर गेल्या, आणि ते हसले. मोकळं, मोठ्याने. मग मुलाला काहीतरी लांबलचक सांगू लागले. लेईने निम्म्यातच मान हलवली, "नाही, हे नको." वडिलांनी त्याच्या एकदा निखळलेल्या खांद्यावर हळूच टिचकी मारली.

"ते म्हणतात, बाईचं बोलूनच त्यांचं पोट भरलं. आत बसून सांगतो म्हणतात."

आत झुबैदी, म्हणजे इथलं पापलेट, तळून झाली होती, सोलकढीचे ग्लास भरले होते, पण कुणी जेवायला बसलं नव्हतं. मंदाआजींनी गुआनना हाताने खूण करून आपल्यासमोरच्या खुर्चीवर बसवलं. त्या हसल्या नव्हत्या. मघापासून त्या त्या माणसाकडे टक लावून बघत होत्या.

गुआन बोलत गेले, लेई इंग्रजीत सांगत गेला, आणि देवयानी ते आजीसाठी मराठीत करत गेली.

कोळशाच्या खाणीजवळचं गाव. वडील खाणीत. विसाव्या वर्षी गुआन कारखान्यात लागले आणि तिथल्या हौशी नाटकात शिरले. नाट्यशाळेच्या परीक्षेत एकदा नापास, दुसऱ्यांदा पास. तिथले मास्तर म्हणाले, तुझा चेहरा कुणाच्या लक्षात राहणार नाही, म्हणजे तुला कामाची कमी पडणार नाही. आणि तसंच झालं. सिनेमात, टीव्हीवर तीस वर्षं कामं केली. स्टुडिओत कपडे शिवणाऱ्या मुलीशी लग्न केलं. ती म्हणायची, तुझे कपडे शिवायला बरे, तू लवकर मरतोस, मळत नाहीत. सहा वर्षांपूर्वी ती गेली.

"किती वेळा मेलेत रे हे?" हरीशने विचारलं.

"एकशे बारा," लेई म्हणाला. "आई वहीत लिहायची."

"मला चार माहिती आहेत," अजयच्या तोंडून निघून गेलं. सगळ्यांनी वळून पाहिलं. शामलाने तर हातातला झारा खालीच ठेवला.

"बाबा! तुम्ही बघता?"

"पुढे सांगू दे त्यांना," अजय म्हणाला.

पुढे त्रेपन्नाव्या वर्षी एका मालिकेत त्यांना पहिल्यांदा मोठं काम मिळालं. काम होतं एका म्हाताऱ्या नटाचं, ज्याने जन्मभर जुन्या संगीत नाटकात बायकांची कामं केलेली असतात. गुआन पाच महिने एका खेड्यात, तसं काम केलेल्या ऐंशी वर्षांच्या बुवांकडे जाऊन राहिले. बाईसारखं चालायचं नाही, बुवा म्हणायचे. बाईसारखं दमायचं. विहिरीवरून पाणी आण, आणि बाई दमते तसा दम. मालिका आली आणि लोक पहिल्यांदा रस्त्यात त्यांना ओळखू लागले. भाजीवालीने हात धरून रडून घेतलं.

इथे लेई थांबला. टेबलाकडे बघत राहिला.

"आणि?" देवयानीने विचारलं.

"आणि पापा म्हणतात, त्यांचा मुलगा तेव्हा पंधरा वर्षांचा होता. शाळेत त्याला पोरं नाही नाही ते बोलायची. तो मुलगा वर्षभर बापाशी बोलला नाही." त्याने मान वर केली. "मुलगा म्हणजे मी."

अजयने विचारलं तेव्हा त्याचा आवाज त्यालाच लांबून आल्यासारखा वाटला. "मग?"

"मग कॉलेजच्या होस्टेलवर पोरं ती मालिका बघत होती. मी मागे उभा राहिलो. शेवटपर्यंत बघितली. मग पापांना फोन केला. काय बोलावं सुचेना, म्हणून म्हटलं, जेवलात का?"

गुआनना शब्द कळत नव्हते, पण गोष्ट कुठवर आली ते त्यांना बरोबर कळत होतं. त्यांनी मुलाच्या मानेवर हात ठेवला.

मंदाआजी म्हणाल्या, "चेडवा, तेंका सांग, माका बघूक व्हया."

"आजी, असं कसं जेवायच्या आधी…"

"जेवान खय पळता? सांग तू."

गुआननी एका हाकेत ऐकलं. देवयानीची ओढणी खुर्चीवर होती ती डोक्यावरून घेतली आणि दाराशी जाऊन परत आले. दोनच पावलं. पण त्या दोन पावलांत अंगातला तो बँकेच्या रांगेतला माणूस निघून गेला. एक थकलेली, मानी बाई दरबारात आली होती. हरीशचं हसू तोंडातच राहिलं.

आजी पुढे वाकल्या. "बरा आसा. खूप बरा आसा. पण खांदे…"

"खांदे दिसतायत," अजय म्हणाला.

तो कधी उठला ते त्याला कळलं नाही. गुआनच्या मागे जाऊन त्याने त्यांचं उजवं कोपर हलकेच धरलं आणि पोटाशी लावलं. ओढणीचं टोक दोन बोटांत दिलं, कमरेच्या वर चार अंगुळं. "कोपर सुटलं की पुरुषाचा खांदा वर येतो. कोपर असं पोटाशी ठेवायचं. मग खांदा आपोआप उतरतो. मान आधी वळवायची नाही. आधी डोळे, मग मान."

गुआन पुन्हा दोन पावलं चालले. यावेळी खांदे नव्हतेच. त्यांनी ओढणी उतरवली, नीट घडी केली आणि शाळेतल्या मुलाने गुरुजींना वाकावं तसे ते अजयसमोर वाकले.

"बाबा," देवयानी हळूच म्हणाली, "तुम्हाला हे कसं माहीत?"

अजयने आईकडे पाहिलं. आईने नजर काढून घेतली नाही आणि मदतही केली नाही.

"तुझे आजोबा," तो म्हणाला. "पावसात शेती करायचे. बाकीचे आठ महिने दशावतारात. स्त्रीपार्टी होते ते, म्हणजे बायकांची कामं करणारे. राणीची. पाच तालुक्यांत त्यांच्यासारखी राणी नव्हती. मी लहानपणी त्यांचा पदर पिनेने लावून द्यायचो."

"काय?" हरीश उभाच राहिला. "दादा, आपले आबा? आणि मला कधी…"

"मी सांगू दिलं नाही. आईलाही नाही. माझी शपथ घातली होती."

शामला येऊन त्याच्या शेजारी उभी राहिली, तिचा खांदा त्याच्या दंडाला टेकेल इतकी जवळ. लेईने सगळं वडिलांना सांगितलं. गुआननी एकच प्रश्न विचारला.

"पापा विचारतायत, त्यांचं सगळ्यात चांगलं काम कुठलं होतं?"

अजयला माहीत नव्हतं. बाराव्या वर्षानंतरच्या दहा-बारा वर्षांतलं आबांचं एकही काम त्याने पाहिलं नव्हतं.

"मी सांगतंय," मंदाआजी म्हणाल्या. "राज्य गेलेल्या राणीचा. मेलेला पोर मांडयेर घेवन बसता, आनि रडाक येना नाय, ता. लोकां भांडी-कुंडी सोडून धावान येयत." त्या अजयकडे वळल्या. "आनि तो पोर कोन होतो, म्हायत आसा तुका? तू. तीन वर्साचो. कंपनीत दुसरा ल्हान पोर नाय होता. तू खराच निजायचंस. तेंच्या मांडयेर. येवढी पेटी वाजता, मृदंग वाजता, तरी निजायचंस. आनि नाटक सोपला काय ते साडी सोडूक जायत नाय होते. तू उठशीत म्हनान. तशेच राणी होवन बसान ऱ्हवत, फाटफटीपर्यंत."

देवयानीने हे लेईला सांगायला घेतलं आणि अर्ध्यातच थांबली. गुआन वाट बघत राहिले. अजय खिडकीकडे तोंड करून उभा होता. त्याचे खांदे हलत होते, आणि आईने बसल्या जागेवरून त्याचं मनगट धरून ठेवलं होतं.

थोड्या वेळाने गुआन उठले. कोटाची बटणं पुन्हा लावली. लेईच्या कानात काही विचारलं, देवयानीने दोन शब्द हळूच सांगितले, त्यांनी ते ओठांतल्या ओठांत म्हणून पाहिले आणि पंख्याखाली पहिल्या जागी जाऊन उभे राहिले. त्यांना सगळं नीट, पहिल्यापासून, पुन्हा मागायचं होतं. त्यांनी हात जोडले.

अजयने डोळे पुसले. पुढे होऊन त्याने ते जोडलेले हात आपल्या दोन्ही हातांत घेतले आणि खाली केले.

"नको," तो म्हणाला. "आता मागायचं काही राहिलं नाही. चला, व्याही. मासे निवतायत."

शामलाने एकदम देवयानीकडे पाहिलं. हरीश मटकन सोफ्यावर बसला. देवयानी जागच्या जागी उभी होती, दोन्ही हात गालांवर.

"क्या बोला?" लेई घाबरून विचारत होता. "व्याही क्या है? गुड? नॉट गुड?"

"व्याही म्हणजे… म्हणजे इट्स…" ती हसत होती आणि तिला बोलता येत नव्हतं. "युवर फादर अँड माय फादर. आपलं लग्न झालं, की ते दोघं एकमेकांचे जे होतात ना. ते. इंग्लिशमध्ये त्याला काही नाहीचये, लेई."

लेईने ऐकलं. मग तो वडिलांकडे वळला आणि आपल्या भाषेतला एकच शब्द बोलला.

"छिंग-ज्या."

गुआननी मान डोलावली. हा शब्द त्यांना कुणी शिकवायला नको होता. त्यांनी तो अजयकडे बघून, सावकाश, दुसऱ्यांदा म्हटला, आणि त्याच्या शेजारची खुर्ची ओढून ते जेवायला बसले.